तुरुंग आणि ट्रोंक

३४ वर्षं मी कारागृहाच्या कचेरीत कारकुनी केली. रोज लिहायचो तो ‘तुरुंग’ हा शब्द पोर्तुगीज ‘ट्रोंको’वरून आला, हे निवृत्तीनंतर समजलं. ट्रोंको म्हणजे झाडाचा बुंधा; कैद्याचे पाय अडकवायचा खोडाही त्याचाच. दक्षिण आफ्रिकेतल्या आफ्रिकान्स भाषेत तुरुंगाला ‘ट्रोंक’ म्हणतात, हे वाचलं आणि त्या भाषेचा मागच काढला.

१६५२ मध्ये यान व्हान रीबेक डच व्यापारी कंपनीचं ठाणं उभारायला आफ्रिकेच्या दक्षिण टोकाशी, केपला उतरला. पाठोपाठ बंगाल, मलबार, मादागास्कर, जावा इथून गुलाम आणले गेले. मूळ नाव पुसून पुढे मुलूख चिकटवायचा: आन्जेला व्हान बेंगाला. या माणसांनी मालकाची डच उचलली, तीत मलय आणि पोर्तुगीज मिसळली. शेजारच्या, तिथल्या मूळ रहिवासी खोईखोईंनी आपले शब्द घातले. ‘खूप’ला मलयमधला ‘बाय’, बशीला ‘पीरिंग’. मूल पाठुंगळी घेण्याला खोईंचा ‘आबा’.

परमुलखातले कैदी बराकीत मराठी उचलताना मी पाहिले आहेत. क्रियापदाचं एकच रूप धरायचे आणि काम भागवायचे. केपमध्ये तेच झालं. आपण आहे, आहेस, आहोत म्हणतो, डचमध्येही तशी वेगळी रूपं आहेत. आफ्रिकान्समध्ये साऱ्यांना एकच ‘इस’. गुलाम दायांनी वाढवलेली गोरी मुलंही तसंच बोलू लागली. प्रतिष्ठितांनी या बोलीला स्वयंपाकघरातली भाषा म्हणून हिणवलं.

केपच्या मुसलमानांनी मात्र मदरशांत ती अरबी लिपीत लिहिली. ऑटोमन सुलतानाने पाठवलेले अबू बक्र एफेंदी यांचा त्या भाषेतला धर्मग्रंथ १८७७ मध्ये इस्तंबूलला छापला गेला. तिथल्या शाळांत या भाषेची सुरुवात म्हणून १८७५ ची पार्ल गावातली गोऱ्यांची भाषासंस्थाच शिकवत राहिले. ज्यांनी ही भाषा घडवली त्यांनाच तिच्या इतिहासातून वगळलं, याचा मला मनापासून राग येतो.

१९२५ मध्ये ती राजभाषा झाली, पुढे वर्णद्वेषी सरकारची भाषा. काळ्या मुलांना निम्मे विषय तिच्यातून शिकण्याची सक्ती झाली. १६ जून १९७६ ला सोवेटो या काळ्यांच्या वस्तीतली मुलं विरोधात रस्त्यावर उतरली आणि पोलिसांनी गोळ्या झाडल्या.

त्याच काळात रॉबेन बेटावरच्या ट्रोंकमध्ये नेल्सन मंडेला आफ्रिकान्सचे धडे गिरवत होते. पहारेकऱ्यांशी त्यांच्याच भाषेत बोलायचं होतं त्यांना.