‘पगार’ : एका परक्या क्रियापदाची कुळकथा

नाशकास गोदावरीच्या कांठीं नारोशंकराचें देऊळ आहे. देवाचें खरें नांव रामेश्वर, पण इ. स. १७४७ मध्यें ज्यांनीं तें बांधलें त्या नारोशंकर राजेबहाद्दरांच्या नांवानेंच सारें गांव त्यास ओळखतें, आणि त्याहूनहि अधिक ओळखतें तें तेथल्या प्रचंड घंटेला. ही घंटा मूळची पोर्तुगीजांची. १७३९ मध्यें चिमाजीअप्पांनीं वसई घेतली, त्या विजयाची खूण म्हणून ती सह्याद्रि चढून नाशकास आली. मोठ्या पुरांत पाणी घंटेपर्यंत चढल्याच्या गोष्टी येथील वडील माणसें सांगत असतात.

त्याच पोर्तुगीजांची दुसरीहि एक वस्तु नाशकांत आहे. ती पाहावयास कोणी यात्रेकरू जात नाहीं, कारण ती घरोघर आहे. महिन्याच्या पहिल्या आठवड्यांत नाशिकरोडच्या बाजारांत आणि सातपूरच्या कारखान्यांच्या फाटकांशीं जो एकच प्रश्न ऐकूं येतो, त्यांत ती आहे: “पगार झाला का?” ‘पगार’ हा शब्द पोर्तुगीज आहे. घंटा लढाई जिंकून आणावी लागली. हा शब्द मात्र लढाईवांचून, कोणाच्या नकळत, आमच्या भाषेंत येऊन बसला, आणि आज त्यास परका म्हणण्याचें कोणाच्या मनांतहि येत नाहीं. त्याची कुळकथा वाचकांस सादर करण्याचें कारण केवळ कौतुक नव्हे. या शब्दाच्या पोटांत एक जुना अर्थ दडलेला आहे, आणि त्याचा विसर पडला म्हणजे काय होतें हें आमच्या इतिहासानें एकदां फार जवळून पाहिलें आहे.

पोर्तुगीजांपासून मराठीनें शब्द पुष्कळ घेतले. गोव्याचे विद्वान् धर्मगुरु सेबास्तियांव रुदोल्फ दाल्गाद (१८५५–१९२२) यांनीं आशियांतील भाषांत शिरलेल्या पोर्तुगीज शब्दांचा मोठा संग्रह १९१३ मध्यें कोइंब्रा येथें प्रसिद्ध केला; त्याचें इंग्रजी भाषांतर १९३६ मध्यें बडोद्याच्या गायकवाड प्राच्य ग्रंथमालेंत निघालें. हा संग्रह चाळतांना मराठी वाचकास आपल्याच घरांतून फिरल्यासारखें वाटतें. बटाटा, कोबी, काजू, अननस हे स्वयंपाकघरांत. परात, बादली, पिंप, घमेलें हीं परसांत. चावी आणि बिजागरी दारावर. काडतूस आणि तुरुंग सरकारदरबारीं. हीं बहुतेक सारीं वस्तूंचीं नांवें आहेत. नवी वस्तु गलबतांतून उतरली कीं तिचें नांवहि तिच्याबरोबर उतरतें, यांत नवल नाहीं. ‘पगार’ हा शब्द या मेळ्यांत वेगळा आहे. तो मूळचा नाम नव्हे, क्रियापद आहे. पोर्तुगीज आणि स्पॅनिश या दोन्ही भाषांत ‘पगार’ म्हणजे ‘पैसे देणें, देणें चुकविणें’. पोर्तुगीजांत वेतनास ‘पाग’ असें स्वतंत्र नाम आहे. तरी मराठीनें तें न घेतां शेवटच्या ‘र’कारासह आख्खें क्रियापदच उचललें. यांत व्याकरणाचा मोठा अपराध झाला असें मात्र नाहीं. आमचें ‘देणें’ हें क्रियापदहि आहे आणि कर्ज या अर्थीं नामहि आहे. पोर्तुगीजांतहि ‘जेवणें’ या अर्थाचें क्रियापद जेवणाचें नांव म्हणून चालतें.

आतां हें क्रियापद त्याच्या माहेरीं कसें वागतें तें पाहूं. वस्तूची किंमत द्यावयाची, वैद्याचे पैसे द्यावयाचे, घरभाडें द्यावयाचें, या सर्वांस तेथें ‘पगार’ हाच शब्द. जें द्यावयाचें तें कर्म आणि ज्यास द्यावयाचें तो आमच्या चतुर्थीसारख्या रूपांत, ही त्याची सरळ चाल. परंतु बाजारांतून बाहेर पडल्यावर त्याचे अर्थ अधिक रंगतात. पोर्तुगीज भाविक साधुसंतांस बोललेला नवस फेडतो तेव्हां तो तो ‘पगार’ करतो. वणीच्या सप्तशृंगीला नवस फेडावयास जाणाऱ्या आमच्या बायाबापड्यांस हा प्रयोग ऐकतांच समजेल. चिडलेला स्पॅनिश मनुष्य ‘याचे पैसे तूं मला देशील’ अशा अर्थाचें वाक्य बोलतो तेव्हां तो उधारी मागत नसतो. ‘करील तो भरील’ असें आम्ही म्हणतों तेंच तो सांगत असतो. दुसऱ्याच्या अपराधाचा दंड आपण सोसला, तर ‘बदकाचे पैसे आपण दिले’ असें दोन्ही भाषांत म्हणतात. आणि स्वतःवरच खूष असलेल्या मनुष्यास स्पॅनिशांत जें म्हणतात, त्याचा शब्दशः अर्थ ‘स्वतःनेंच ज्याचें देणें भागलें आहे असा’ असा होतो.

हा शेवटचा प्रयोग चमत्कारिक वाटतो खरा. पण शब्दाच्या जुन्या घराची किल्ली त्याच्यापाशींच आहे. लॅटिन भाषेंत ‘पाक्स’ म्हणजे शांतता. तीवरून ‘पाकारे’ म्हणजे शांत करणें हें क्रियापद झालें. रोमन सेनापति एखादा प्रांत तरवारीनें दबवीत, तेव्हां तो ‘शांत केला’ असें लिहीत. सीझरनें गॉल देशाविषयीं हाच शब्द वापरला आहे. पुढें रोमचें साम्राज्य मोडलें, तरवारीची जागा हळूहळू हिशेबाच्या वहीनें घेतली, आणि ‘शांत करणें’ म्हणजे दारांत येऊन बसलेल्या सावकाराला शांत करणें असा अर्थ रूढ झाला. त्यावरून स्पॅनिश व पोर्तुगीज ‘पगार’ निघाला, आणि फ्रेंचांतून इंग्रजींत गेलेला ‘पे’ हि निघाला. म्हणजे आमच्या कारकुनाच्या तोंडचा ‘पगार’ आणि दुकानदाराच्या तोंडचा ‘पेमेंट’ हे एकाच आजीचे नातू होत. एक पोर्तुगीज गलबतांतून आला, दुसरा इंग्रजाच्या कचेरींतून.

देणें देऊन शांत करणें ही कल्पना मराठी मनास मुळींच परकी नाहीं. आम्ही तहान भागवितों आणि देणेंहि भागवितों. दोहोंस क्रियापद एकच. पाणी मिळालें म्हणजे कंठ शांत होतो, पैसे मिळाले म्हणजे सावकार शांत होतो. ‘फेडणें’ या शब्दाची गंमत याहून अधिक आहे. ‘पाक्स’ हा शब्द ज्या मूळ धातूपासून निघाला त्याचा अर्थ बांधणें असा असून संस्कृत ‘पाश’ त्याच कुळांतला, असें भाषाशास्त्रज्ञ मानतात. लॅटिनांत शांतता ही दोन पक्षांस बांधणारी गांठ होती. मराठींत मात्र आम्ही वस्त्र फेडतों म्हणजे सोडतों, तसेंच कर्जहि ‘फेडतों’. त्यांनीं गांठ बांधण्याकडे पाहिलें, आम्ही ती सुटण्याकडे; गांठ तीच.

येथें कोणी विचारील कीं, आमच्याकडे शब्द नव्हते म्हणून हा घ्यावा लागला काय? शब्द भरपूर होते. ‘वेतन’ तर कौटिल्याच्या काळापासून चालत आलेलें. मुसलमानी अमदानींत ‘मुशाहिरा’ आला, त्यांत अरबी महिना दडलेला आहे, फारसी ‘तनखा’ आला, ‘रोजमुरा’ आला. शिवाय गांवगाड्यांत सुतार, लोहार, कुंभार, न्हावी यांस पगार नव्हता, बलुतें होतें. खळ्यावर रास पडली म्हणजे आपला वांटा मागावयाचा, आणि तोहि हक्कानें. पीक बुडालें तर वांटाहि बुडाला. पगाराची तऱ्हा निराळी. ठराविक दिवस, ठराविक रोकड, आणि मालकाचें पीक बुडो कीं तरो, बोललेली रक्कम मिळालीच पाहिजे, ही त्यांतील अट. १५३४ पासून १७३९ पर्यंत वसई, साष्टी या मुलखांत पोर्तुगीजांचा अंमल होता. चौलास त्यांचें ठाणें होतें, गोव्यांत राज्य होतें. त्यांच्या किल्ल्यांत, गलबतांवर व वखारींत एतद्देशीय माणसें चाकरीस होतीं. पुढें १६६१ च्या विवाहाच्या तहानें मुंबई इंग्रजांकडे गेली, तरी किनाऱ्यावर परस्परांशीं बोलण्याची भाषा पुष्कळ काळ मोडकी पोर्तुगीजच राहिली. मालक बदलले, पैसे देण्याचें क्रियापद तेंच राहिलें. चाकराच्या कानावर महिन्याकांठीं जो शब्द हमखास पडतो तो त्याच्या घरींहि जावयाचाच.

आतां जुन्या अर्थाकडे वळूं. कौटिल्यानें अर्थशास्त्रांत राजसेवकांच्या वेतनाची यादी दिली आहे. पुरोहित, सेनापति, युवराज इत्यादिकांस ४८,००० पण, आणि अगदीं खालच्या चाकरास ६० पण. वरच्या लोकांस इतकें कां द्यावें याचें कारणहि तो सांगतो: एवढ्यानें ते कोणाच्या चिथावणीस बळी पडत नाहींत आणि त्यांस कोप येत नाहीं. वेतन म्हणजे कोपाची शांति, हें लॅटिन भाषेनें एका शब्दांत सांगितलें, कौटिल्यानें एका वाक्यांत. एकास दुसऱ्याची वार्ताहि नव्हती.

हें सूत्र सुटलें म्हणजे काय होतें हें पाहण्यास नाशकाहून फार दूर जावयास नको. शहराच्या पश्चिमेस गोदावरीच्या कांठीं आनंदवल्ली आहे. हें जुनें चौंधस गांव. राघोबादादांनीं येथें वाडा बांधला आणि गांवास आनंदीबाईंचें नांव मिळालें. ३० ऑगस्ट १७७३ रोजीं, गणेशोत्सवाच्या दिवसांत, पुण्याच्या शनिवारवाड्यांत गारदी शिरले. सुमेरसिंग, खरगसिंग, महंमद इसफ हे त्यांचे पुढारी. आरडाओरड कसली, तर थकलेल्या पगाराची. अठरा वर्षांचा पेशवा नारायणराव धांवत चुलत्याकडे गेला आणि तेथेंच मारला गेला. मसलत निराळी होती, आणि ती कोणाची होती याचा निवाडा रामशास्त्र्यांनीं राघोबादादांच्या तोंडावर केला. त्याची पुनरुक्ति येथें नको. आमचें म्हणणें इतकेंच कीं, कट करणाऱ्यांनीं बहाणा निवडला तो मात्र विचार करण्यासारखा आहे. पगार मागावयास सशस्त्र माणसें धन्याच्या वाड्यांत शिरतात, ही गोष्ट त्या दिवशीं पाहणाऱ्यांस अशक्य वाटली नाहीं. त्या काळीं शिपायांचे पैसे थकणें, त्यांनीं तगादा लावणें, सरदाराच्या दारांत धरणें धरून बसणें हें नित्याचें झालें होतें. ज्या वाड्यांत चाकरांचे पैसे वेळेवर पोंचत असते तेथें तो बहाणा पहिल्याच दरवाजाशीं उघडा पडला असता. बहाणा खपला, कारण तो खरा वाटण्याजोगा होता. खुनाचें पाप करणाऱ्यांचें. पण खुन्यांस वाट मिळाली ती थकबाकीच्या दारांतून.

त्यानंतर काळ पालटला. १८६५ मध्यें थळघाटांतून आगगाडी वर चढली आणि तिच्याबरोबर महिन्याच्या पगारावर जगणारा एक नवा वर्ग इगतपुरी-नाशकाकडे आला. १९२५ मध्यें नाशिकरोडला सरकारी मुद्रणालय उभें राहिलें. तेथें टपालाचीं तिकिटें छापूं लागलीं, आणि १९२८ पासून चलनी नोटाहि. ज्या कागदानें देशाचा पगार व्हावयाचा तो कागद छापणाऱ्यांसहि आपल्या पगाराची वाट महिनाभर पाहावीच लागे! १९३६ मध्यें वेतन देण्याविषयींचा कायदा झाला; एक हजाराहून कमी माणसें असतील तेथें महिना संपल्यावर सात दिवसांच्या आंत, इतरत्र दहा दिवसांच्या आंत पगार द्यावा असें त्यानें ठरविलें. शनिवारवाड्याच्या दारांत जें सूत्र पायदळीं गेलें होतें, तें अशा रीतीनें कलमांत लिहिलें गेलें.

दरम्यान शब्दानें मराठींत संसार थाटला. पगारदार, पगारी, पगारपत्रक, पगारवाढ, बिनपगारी रजा असा त्याचा गोतावळा जमला, आणि ‘बिनपगारी, फुल अधिकारी’ ही म्हण तर एक पोर्तुगीज, एक इंग्रजी आणि एक संस्कृत शब्द मांडीला मांडी लावून बसवूनहि अस्सल मराठी ठरली. पण घेतांना मराठीनें एक काटछाट केली. मूळच्या भाषांत ‘पगार’ ही देणाऱ्याची क्रिया आहे. आमच्याकडे ती घेणाऱ्याची वस्तु झाली. आम्ही ‘पगार मिळाला’ म्हणतों, ‘पगार झाला’ म्हणतों. देणारा त्या वाक्यांत दिसतहि नाहीं. चाकरानें शब्द ऐकला तो आपल्या बाजूनें, म्हणून असें झालें असावें. तरी देणाऱ्यानें मूळ व्याकरण विसरूं नये. घरच्या धुण्याभांड्यांच्या बाईच्या हातावर चार दिवस उशिरानें, आणि उपकार केल्यासारखे, पैसे ठेवणारीं माणसें आमच्या सुशिक्षित वर्गांत थोडीं नाहींत. तिनें काम केलें त्याच क्षणीं देण्याची गांठ आमच्या बाजूस बांधली गेलेली असते. वेळेवर पैसे दिले म्हणजे दान होत नाहीं. फक्त ती गांठ सुटते आणि दोन्ही घरें त्या रात्रीं शांतपणें झोंपतात.