गेम खेळताना स्क्रीनशॉट कसा काढायचा? आणि तो शेअर करण्याआधी काय तपासायचं?

रात्रीचे दोन वाजलेत. तासभर झुंजल्यावर तो बॉस एकदाचा आडवा पडलाय आणि समोरच्या पडद्यावर असं दृश्य आहे की ते कुणाला तरी दाखवल्याशिवाय राहवत नाही. तुम्ही मोबाइल उचलता, मॉनिटरचा फोटो काढता आणि ग्रुपवर टाकता. फोटोत रंगीबेरंगी पट्टे, ट्यूबलाइटची चमक आणि कोपऱ्यात तुमचं स्वतःचं पुसट प्रतिबिंब. पहिली प्रतिक्रिया ठरलेली असते: "अरे, स्क्रीनशॉट काढ ना!"

ते पट्टे मोबाइलच्या कॅमेऱ्याचा दोष नाहीत. मॉनिटरवर ठिपक्यांची एक जाळी असते आणि कॅमेऱ्याच्या सेन्सरवर दुसरी. दोन जाळ्या एकमेकींवर पडल्या की मधे लाटांसारखी नक्षी दिसते. स्क्रीनशॉटमध्ये हा प्रश्नच येत नाही, कारण तो पडद्याचा फोटो नसतोच. ग्राफिक्स कार्डने पडद्यासाठी जे चित्र तयार केलं, त्याचीच ती प्रत असते.

प्रिंट स्क्रीन बटण नेमकं काय करतं?

कीबोर्डच्या वरच्या ओळीत उजवीकडे हे बटण असतं. जागा कमी म्हणून त्यावर नाव तोडून छापलेलं असतं. सुरुवातीच्या आयबीएम पीसीवर हे बटण दाबलं की पडद्यावरचा मजकूर खरोखर प्रिंटरवर छापला जायचा, त्यावरून हे नाव पडलं. पुढे विंडोजमध्ये ते चित्र प्रिंटरऐवजी क्लिपबोर्डवर जाऊ लागलं. क्लिपबोर्ड म्हणजे संगणकाची तात्पुरती आठवण. पेंट किंवा व्हॉट्सॲप उघडून कंट्रोल आणि व्ही दाबलं की चित्र तिथे उमटतं. अनेक जण बटण दाबतात आणि मग फाइल शोधत बसतात. पण ती कुठे सेव्ह झालेलीच नसते.

फाइल हवी असेल तर विंडोज बटण धरून प्रिंट स्क्रीन दाबा. पिक्चर्सच्या आतल्या स्क्रीनशॉट्स फोल्डरमध्ये ती सापडेल. ऑल्ट धरून दाबलं तर फक्त समोरच्या खिडकीचं चित्र क्लिपबोर्डवर येतं. विंडोज ११ च्या अलीकडच्या आवृत्त्यांमध्ये नुसतं प्रिंट स्क्रीन दाबलं की स्निपिंग टूल उघडतं. गेमच्या मधोमध पडदा अंधारून निवडीचा चौकोन येतो आणि तोवर तुमचा खेळाडू मेलेला असतो. ही सवय सेटिंग्जमध्ये जाऊन बंद करता येते. लॅपटॉपवर या बटणांसोबत बऱ्याचदा एफएन हे बटणही धरावं लागतं. "माझ्याकडे चालतच नाही" या तक्रारीमागे बहुतेक वेळा एवढंच कारण असतं.

चित्र काळं का येतं?

जुन्या गेमर्सना हा अनुभव पक्का आठवत असेल. गेममध्ये प्रिंट स्क्रीन दाबायचं, पेंटमध्ये पेस्ट करायचं आणि समोर काळाकुट्ट चौकोन. पूर्ण पडद्यावर चालणारे गेम पूर्वी विंडोजच्या डेस्कटॉपला बाजूला सारून थेट पडद्याचा ताबा घ्यायचे. प्रिंट स्क्रीन मात्र डेस्कटॉपचं चित्र उचलायचं, आणि तिथे काही नसायचंच.

त्यावर उपाय म्हणून १९९९ मध्ये फ्रॅप्स नावाचं छोटं सॉफ्टवेअर आलं. ते गेम आणि ग्राफिक्स कार्ड यांच्या मधे बसून तयार झालेली फ्रेम तिथूनच उचलायचं. कोपऱ्यात पिवळ्या आकड्यांत फ्रेमरेट दाखवणारं ते हेच. त्याच्या फुकट आवृत्तीत चित्र फक्त बीएमपी प्रकारात मिळायचं, म्हणजे अजिबात न दाबलेलं. १९२० × १०८० च्या पडद्यावर २०,७३,६०० ठिपके असतात आणि प्रत्येकाला ३ बाइट लागतात, त्यामुळे एकेक चित्र साधारण ६ एमबीचं व्हायचं. 

आज बहुतेक गेम विंडोजशी जुळवून चालतात, त्यामुळे काळं चित्र कमी वेळा येतं. तरीही आलंच, तर गेमच्या सेटिंग्जमध्ये फुलस्क्रीनऐवजी बॉर्डरलेस विंडो निवडून बघा. चित्र काळं न येता फिकट, धुवून काढल्यासारखं येत असेल तर कारण वेगळं आहे. एचडीआर चालू असताना काढलेलं चित्र साध्या पडद्यावर नीट उतरत नाही. अशा वेळी स्क्रीनशॉटपुरतं एचडीआर बंद करणं सगळ्यात सोपं.

स्टीमचं एफ १२ आणि बाकीचे मार्ग

पीसीवर गेम खेळणाऱ्यांपैकी बऱ्याच जणांसाठी याचं उत्तर एकच आहे: एफ १२. स्टीमने २०११ मध्ये ही सोय आणली. बटण दाबलं की कॅमेऱ्याचा आवाज येतो आणि गेम बंद झाल्यावर काढलेल्या चित्रांची यादी समोर येते. यातलं कोणतं चित्र स्टीमवर चढवायचं आणि ते सगळ्यांना दिसावं, फक्त मित्रांना की फक्त तुम्हाला, हे तिथेच ठरवता येतं. कथेचा भेद उघड होणार असेल तर तशी खूण करायची सोयही तिथे आहे.

एक गोष्ट मात्र लक्षात ठेवा. चढवलेली नसलेली चित्रं फक्त तुमच्या संगणकावर असतात. स्टीमच्या फोल्डरमध्ये युजरडेटा, त्यात तुमच्या खात्याचा आकडा, त्यात ७६०, त्यात रिमोट, मग गेमचा आकडा आणि शेवटी स्क्रीनशॉट्स, इतक्या आत ती दडलेली असतात. संगणक फॉरमॅट करताना हे फोल्डर कुणाला आठवत नाही. मलाही आठवलं नव्हतं. चार वर्षांच्या चित्रांवर पाणी सोडल्यावर मला कळलं की स्टीमच्या सेटिंग्जमध्ये हव्या त्या फोल्डरमध्ये वेगळी प्रत ठेवायचा पर्याय आधीपासून आहे. तिथेच पीएनजी प्रत ठेवायचीही सोय आहे. स्टीम एरवी जेपीजी ठेवतं आणि गडद आकाशासारख्या जागी जेपीजीमध्ये पायऱ्या पायऱ्या दिसतात.

स्टीमबाहेरचे गेम असतील तर विंडोजचा गेम बार आहेच. विंडोज, ऑल्ट आणि प्रिंट स्क्रीन एकत्र दाबा, चित्र व्हिडिओजमधल्या कॅप्चर्स फोल्डरमध्ये जातं. एनव्हिडियाच्या कार्डवर ऑल्ट आणि एफ १, एएमडीवर कंट्रोल, शिफ्ट आणि आय. माइनक्राफ्टमध्ये एफ २ ने चित्र निघतं आणि एफ १ ने पडद्यावरची पट्टी, हात, आकडे सगळं लपतं. मॅकवर शिफ्ट, कमांड आणि ३. स्टीम डेकवर स्टीम बटण आणि आर १. कन्सोलवाल्यांनी तर यासाठी स्वतंत्र बटणच दिलं: २०१३ मध्ये प्लेस्टेशन ४ वर, २०१७ मध्ये निन्टेंडो स्विचवर आणि २०२० मध्ये नव्या एक्सबॉक्सच्या कंट्रोलरवर.

फोटो मोड: गेममधला फोटोग्राफर

काही जण स्क्रीनशॉट पुराव्यासाठी काढतात, काही जण चित्रासाठी. दुसऱ्या गटासाठी गेममध्येच कॅमेरा देण्याची पद्धत जुनी आहे. २००४ च्या ग्रान टुरिस्मो ४ मध्ये आपली गाडी सुंदर जागी उभी करून तिचे फोटो काढता यायचे. २०१४ मध्ये द लास्ट ऑफ अस रीमास्टर्ड आणि इन्फेमस सेकंड सन यांत फोटो मोड आला आणि त्यानंतर मोठ्या गेममध्ये तो असणं जवळजवळ गृहीत धरलं जाऊ लागलं. गेम थांबतो, कॅमेरा मोकळा होतो, फोकस आणि उजेड आपल्या हातात येतो. ब्रिटनचे डंकन हॅरिस यांनी डेड एंड थ्रिल्स या नावाने केलेलं काम पाहिलं की ही छायाचित्रणाची एक शाखाच आहे हे पटतं.

फोटो मोड नसला तरी सेटिंग्जमधून पडद्यावरची आकडेवारी बंद करा, एवढ्यानेच चित्र निम्मं सुधारतं. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सचा 'राजी' यासाठी छान आहे. राजस्थानी वास्तुशैलीवरून घेतलेले महाल आणि मावळता उजेड यांच्यामुळे पात्र कुठेही उभं केलं तरी चौकट भरल्यासारखी वाटते.

चित्र बिघडतं ते बहुतेक वेळा पाठवताना. व्हॉट्सॲप फोटो लहान करून आणि दाबून पाठवतं. एचडी पर्याय निवडा किंवा सरळ डॉक्युमेंट म्हणून पाठवा, म्हणजे मूळ फाइल जशीच्या तशी पोचेल. इन्स्टाग्रामवर रुंदी १०८० ठिपक्यांची. तिथे आडवं चित्र जेमतेम ६०८ ठिपके उंच उरतं, म्हणून उभी चौकट कापून घेतलेली बरी.

हक्क आणि स्पॉयलर

गेममधल्या दृश्यांचा कॉपीराइट गेम बनवणाऱ्यांचा असतो. हौसेने टाकलेल्या स्क्रीनशॉटना कंपन्या सहसा हरकत घेत नाहीत, कारण ती त्यांची फुकट जाहिरातच असते. मायक्रोसॉफ्ट आणि निन्टेंडो यांनी तर याचे नियम लिहून जाहीर केले आहेत. तीच चित्रं टी-शर्टवर छापून विकायला काढली तर मात्र प्रकरण वेगळं. उलट टोकाचं उदाहरण पर्सोना ५ चं. २०१७ मध्ये तो आला तेव्हा कथा फुटू नये म्हणून प्लेस्टेशन ४ वरची स्क्रीनशॉटची सोयच त्यात बंद ठेवली होती. खेळाडू चिडले. तरी शेवट फोडणाऱ्या मित्राला ब्लॉक करणारेही आपणच असतो.

चित्र तुमच्यापेक्षा जास्त बोलतं

आता महत्त्वाचा भाग. पूर्ण पडद्याचा स्क्रीनशॉट काढला की त्यात गेमशिवायही बरंच काही येतं: कोपऱ्यात सरकून आलेला ओटीपी, ब्राउझरच्या टॅबची नावं, डिस्कॉर्डवर बोलणाऱ्या मित्रांची खरी नावं, खेळता खेळता चॅटमध्ये कुणी टाकलेला फोन नंबर. गेमची फ्रेम उचलणाऱ्या साधनांनी, म्हणजे स्टीमच्या एफ १२ वगैरेंनी, चित्र काढलं तर विंडोजच्या नोटिफिकेशन्स त्यात बहुधा येत नाहीत. म्हणून शेअर करायच्या चित्रांसाठी तीच वापरा. फाइलच्या नावात तारीख आणि वेळ असते हेही विसरू नका. ऑफिसला आजारी आहे म्हणून कळवलेल्या दिवशी तर मुळीच नको!

जे डोळ्यांना दिसत नाही तेही कधीकधी चित्रात असतं. २०१२ मध्ये वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्टच्या खेळाडूंना आढळलं की गेममधून काढलेल्या जेपीजी स्क्रीनशॉटमध्ये एक फिकट नक्षी लपवलेली आहे. तिच्यात खात्याची ओळख, वेळ आणि सर्व्हरचा पत्ता होता. पासवर्ड नव्हता, पण आपण हे सगळं शेअर करतोय याची खेळाडूंना कल्पनाच नव्हती.

माइनक्राफ्टचं उदाहरण त्याहून थक्क करणारं आहे. या गेममधलं प्रत्येक जग एका आकड्यातून, म्हणजे सीडमधून, तयार होतं. गेमसोबत येणारं एक जुनं चित्र आहे, फक्त १२८ × १२८ ठिपक्यांचं. त्यात एक धबधबा, काही झाडं आणि ढग दिसतात. २०२० मध्ये हौशी लोकांनी आपापले संगणक एकत्र जोडून तेवढ्यावरून ते चित्र कोणत्या जगातलं हे शोधून काढलं. तुमच्या सर्व्हरवरचा गुप्त तळ कुणी चित्रावरून शोधू शकणार नाही असं वाटत असेल, तर निदान एफ ३ दाबून दिसणारे स्थानाचे आकडे तरी चित्रात येऊ देऊ नका.

नको असलेला भाग कापला म्हणजे तो गेला, असंही नाही. मार्च २०२३ मध्ये असं उघड झालं की गूगल पिक्सेल फोनच्या आणि विंडोजच्या स्निपिंग टूलमध्ये चित्र कापून त्याच फाइलवर सेव्ह केलं तर जुन्या फाइलचं शेपूट आत तसंच उरत होतं. त्यातून कापलेला भाग काही प्रमाणात परत मिळवता येत होता. दोन्ही कंपन्यांनी दुरुस्ती केली, पण तोवर पाठवलेली चित्रं जिथे गेली तिथे गेलीच. कापलेलं चित्र नेहमी नव्या नावाने सेव्ह करा. नाव किंवा नंबर झाकायचा असेल तर अक्षरं धूसर करू नका, मोबाइलच्या हायलायटर पेनने काळंही करू नका. तो रंग अर्धपारदर्शक असतो आणि उजेड वाढवला की खालची अक्षरं वाचता येतात. भरीव काळा चौकोन टाका.

घरातली मुलं खेळत असतील तर त्यांच्या खात्याचं नाव एकदा बघून घ्या. खऱ्या नावापुढे जन्मसाल जोडून खातं उघडणारी मुलं खूप असतात, आणि ते नाव त्यांच्या प्रत्येक विजयाच्या स्क्रीनशॉटवर छापलेलं असतं.

धमकी आली तर नियम उलटा

चॅटमध्ये कुणी धमकावत असेल, पैसे किंवा फोटो मागत असेल, तर इथे काहीही कापू किंवा झाकू नका. समोरच्याचं खातं, संदेश आणि वेळ एकाच चित्रात दिसेल असा पूर्ण पडद्याचा स्क्रीनशॉट घ्या. आधीचे नि नंतरचे संदेशही घ्या, कारण एकटं वाक्य संदर्भ सोडून आहे असं सहज म्हणता येतं. मूळ फाइलला हात न लावता ती वेगळ्या जागी ठेवा आणि व्हॉट्सॲपवरून आलेल्या दाबलेल्या प्रतीवर विसंबू नका. त्या खात्याला ब्लॉक करण्याआधी त्याच्या प्रोफाइलचंही चित्र घ्या, नंतर ते नाव बदललेलं असू शकतं. मग गेममधल्या रिपोर्ट बटणावर तक्रार करा आणि प्रकरण गंभीर असेल तर राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवर किंवा जवळच्या पोलीस ठाण्यात. पैसे गेले असतील तर वेळ न घालवता १९३० वर फोन करा, स्क्रीनशॉट नंतर जोडता येतात.