तीन तासांचे कोल्हापूर

कोल्हापुरास येणाऱ्या पाहुण्याजवळ वेळ बहुधा थोडाच असतो. सकाळी गाडीतून उतरावे, अंबाबाईचे दर्शन घ्यावे, दुपारी पन्हाळ्याकडे किंवा जोतिबाकडे वळावे आणि रात्रीच्या गाडीने परत फिरावे, असा त्याचा बेत असतो. मधल्या दोन-तीन तासांत गाव दाखवावयाचे काम पूर्वी टांगेवाले करीत. आता ते रिक्षावाले करतात. त्यांच्याही फार आधी करवीर क्षेत्री येणाऱ्या यात्रेकरूस तेथील उपाध्ये देवळे आणि तीर्थे क्रमाने दाखवीत. वाहन बदलले, दक्षिणेच्या जागी भाडे आले, पण फेरीचा ठराविकपणा कायम राहिला. देऊळ, नवा राजवाडा, रंकाळा आणि जाताजाता चपलांची व गुळाची खरेदी एवढ्यात कोल्हापूर पाहून झाले, असे पाहुण्यास वाटते.

या फेरीत काही वाईट आहे असे नव्हे. तीन तासांत कोणत्याही जुन्या नगरीचा सारा इतिहास कळावयाचा नाही, हेही उघड आहे. तथापि पाहणाराने एकच प्रश्न मनाशी धरून पावले टाकली, तर तेवढ्याच वेळात हे शहर पुष्कळ बोलू लागते. ही वाट कोणाला मोकळी होती, आणि ज्यांना ती बंद होती त्यांच्यासाठी ती कोणी उघडली, हा तो प्रश्न होय. कोल्हापूरची महत्त्वाची स्थळे एकमेकांपासून फार दूर नाहीत. पंचगंगेच्या घाटापासून खासबागेपर्यंत पायी जाता येते. तेव्हा फेरीचा आरंभ नदीपासून करणे सोयीचे.

कासारी, कुंभी, तुळशी, भोगावती आणि गुप्त मानलेली सरस्वती यांच्या संगमाने झालेली ही पंचगंगा. तिच्या घाटावर पहाटे स्नानास येणारांची रीघ लागते आणि पाण्याच्या कडेला लहानमोठी देवळे उभी आहेत. १८९९ सालच्या कार्तिक मासात शाहू छत्रपती येथे नित्य स्नानास येत असत. त्या वेळी पुरोहित वेदोक्त मंत्रांऐवजी पुराणोक्त मंत्र म्हणत आहे, ही गोष्ट त्यांच्या ध्यानात आणून देण्यात आली. कारण विचारता उत्तर मिळाले ते असे की, वेदोक्ताचा अधिकार महाराजांस नाही. राज्याचा जो धनी, ज्याच्या नावे न्याय चाले, त्याला स्वतःच्या नदीच्या पायरीवर आपली पायरी दाखविण्यात आली. येथून निघालेल्या वेदोक्त प्रकरणाने पुढे अवघा महाराष्ट्र ढवळून निघाला. घाटावर याची खूण म्हणून काही दिसत नाही. दिसतात त्या झिजलेल्या पायऱ्या. परंतु छत्रपतींची ही स्थिती, तर त्यांच्या प्रजेतील अगदी तळच्या माणसाची काय असेल, हा विचार महाराजांच्या पुढील वीस-बावीस वर्षांच्या कार्यात सतत जागा राहिलेला दिसतो.

घाटाजवळच ब्रह्मपुरीचे टेकाड आहे. वरवर पाहता तेथे थांबावे असे काही नाही. पण १९४५-४६ साली डॉ. ह. धी. सांकळिया आणि डॉ. मो. गं. दीक्षित यांनी येथे उत्खनन केले, तेव्हा सातवाहनांच्या काळातील विटांच्या घरांची वस्ती उजेडात आली. त्याच सुमारास याच टेकाडात सापडलेल्या काशाच्या वस्तूंत समुद्रदेव पोसायडन याची एक मूर्ती होती. उंचीने वीतभरही नसलेली ही मूर्ती रोमन साम्राज्यातून आलेली आहे. सागरापासून दूर, सह्याद्रीच्या अलीकडे, नद्यांच्या या गावात परक्या समुद्राचा देव आला कसा? कोकणच्या बंदरांत उतरणारा माल घाटवाटांनी देशावर चढत असे, आणि त्या मालाबरोबर ही मूर्तीही आली असली पाहिजे. सुमारे दोन हजार वर्षांपूर्वी या गावाची एक वाट अशी थेट भूमध्य समुद्रापर्यंत मोकळी होती.

ब्रह्मपुरीचे हे संचित पुढे टाऊन हॉलमधील वस्तुसंग्रहालयात जपले गेले, आणि फेरीचा पुढचा मुक्काम तोच. उंच निमुळत्या छपरांची ही इमारत १८७२ ते १८७६ या काळात मेजर चार्ल्स मांट या शिल्पज्ञाने उभी केली. पाहुण्यांची जेथे गर्दी होते तो नवा राजवाडाही त्याच्याच आराखड्याचा; त्याचे काम १८७७ ते १८८४ पर्यंत चालले, आणि ते पुरे होण्यापूर्वीच, १८८१ साली, मांट निवर्तला. पण या शिल्पज्ञाच्या हातची कोल्हापूरची आणखी एक वास्तू कोणताही टांगेवाला दाखवू शकला नसता, कारण ती इटलीत आहे. छत्रपती राजाराम महाराज १८७० साली विलायतेस गेले होते. परतीच्या प्रवासात ३० नोव्हेंबर १८७० रोजी फ्लॉरेन्स नगरीत त्यांचा अंत झाला. वय अवघे वीस वर्षांचे. त्या नगरीत मृतदेहास अग्नी देण्याची चाल नव्हती. तेथील अधिकाऱ्यांनी खास परवानगी दिली, आणि आर्नो व मुन्योने या दोन नद्यांच्या संगमावर हिंदू रीतीने महाराजांचे दहन झाले. पुढे १८७४ साली त्याच जागी त्यांचा अर्धपुतळा बसविण्यात आला. त्यावरील छत्री मांटने योजिलेली आहे. पंचगंगेच्या संगमावर वाढलेल्या या तरुणाला अखेरची वाट परक्या देशातील संगमाने दिली. फ्लॉरेन्सचे लोक त्या स्मारकास आजही ‘इंदियानो’ म्हणजे ‘हिंदी माणूस’ म्हणूनच ओळखतात.

टाऊन हॉलपासून दसरा चौक जवळच आहे. विजयादशमीस येथे शाही सीमोल्लंघन होते व सोने लुटले जाते. एरवी मात्र तो वर्दळीचा एक चौक आहे, आणि रिक्षा तेथे सहसा थांबत नाही. पण कोल्हापुरात एकाच ठिकाणी थांबावयाचे असेल तर ते येथे. चौकाच्या परिसरात मुस्लिम बोर्डिंग, जैन बोर्डिंग, लिंगायत बोर्डिंग अशा पाट्या दिसतात. परक्या माणसास वाटावे, हे शहर जातीजातींत वाटले गेले आहे काय? या पाट्यांमागील हकीकत समजावून घेतल्यावाचून पुढे जाऊ नये.

१८९६ साली दरबारने सर्व जातींच्या विद्यार्थ्यांसाठी एकच वसतिगृह काढून पाहिले. दार सर्वांना उघडे होते, परंतु आधीच शिक्षणात पुढे असलेल्या वर्गाचीच मुले त्यात राहिली. खेड्यातल्या शेतकऱ्याच्या मुलास तेथे जागाही मिळेना आणि धीरही होईना. दार उघडे ठेवले म्हणजे वाट मोकळी झाली असे नव्हे, हा धडा महाराजांनी त्यातून घेतला. १९०१ साली व्हिक्टोरिया मराठा बोर्डिंग निघाले. त्याच्यामागोमाग जैन, मुसलमान, लिंगायत, अस्पृश्य अशा निरनिराळ्या समाजांची वसतिगृहे निघत गेली. प्रत्येक समाजाने आपल्या मुलांसाठी झटावे आणि दरबारने जागा, इमारत व खर्चाचा भार उचलावा, अशी ही योजना होती. २६ जुलै १९०२ रोजी, महाराज विलायतेत असतानाच, संस्थानच्या नोकऱ्यांतील रिकाम्या होणाऱ्या जागांपैकी शेकडा ५० मागासलेल्या वर्गांस राखून ठेवण्याचा हुकूम निघाला. नोकरीसाठी शिकलेली माणसे हवीत, शिकण्यासाठी गावात निवारा हवा. हुकूम आणि बोर्डिंग यांची सांगड ती अशी. १९१७ साली प्राथमिक शिक्षण सक्तीचे व मोफत करून याच कामाचा पाया खाली खेड्यापर्यंत नेण्यात आला. जातवार पाट्यांची ही घरे जात मोडण्याच्या वाटेवर मुक्कामासाठी बांधलेली होती. तो मुक्काम हलला की तेथेच वस्ती झाली, याचा निवाडा पाहणाराने चौकात उभे राहून आपला आपणच करावा.

तेथून देवळाकडे जाणारा भाऊसिंगजी रस्ता दुकानांनी गजबजलेला आहे. याच रस्त्यावर एके काळी गंगाराम कांबळे यांचे चहाचे दुकान होते. कांबळे हे राजवाड्याच्या सेवेतील एक महार नोकर. स्पृश्यांच्या हौदातील पाण्यास हात लावला म्हणून त्यांना बेदम मार खावा लागला. ते गाऱ्हाणे महाराजांच्या कानी गेले. महाराजांनी त्यांना नोकरीतून मोकळे केले, भांडवल दिले आणि स्वतंत्र धंदा करावयास सांगितले. दुकान निघाले, पण अस्पृश्याच्या हातचा चहा प्यावयास गिऱ्हाईक येईना. मग छत्रपतींची गाडी त्या दुकानापुढे थांबू लागली. महाराज चहा मागवीत, स्वतः पीत आणि बरोबरच्या मंडळींसही पाजीत. खुद्द छत्रपतींच्या हातातला पेला नाकारण्याची छाती कोणाची होणार! १९१९ साली सार्वजनिक विहिरी, शाळा, दवाखाने व धर्मशाळा यांत शिवाशीव पाळण्यास बंदी करणारे हुकूम निघाले. हुकुमांचे कागद दप्तरात राहतात. रस्त्यावरच्या त्या चहाची गोष्ट मात्र तोंडोतोंडी आजवर चालत आली आहे.

रस्ता भवानी मंडपापाशी येऊन पोहोचतो. हा जुना राजवाडा. १७८२ साली गादी पन्हाळ्याहून कोल्हापुरास आली आणि १ मार्च १९४९ रोजी संस्थान मुंबई प्रांतात विलीन झाले. मधली १६७ वर्षे हे राजधानीचे शहर होते. त्यात १८५७ सालही येते. त्या वर्षी ३१ जुलैस येथील सत्ताविसाव्या पलटणीने बंड केले, डिसेंबरात शहराचे दरवाजे बंद करून पुन्हा उठाव झाला, आणि तो मोडून काढताना इंग्रजांनी पुष्कळांचे प्राण घेतले. राजबंधू चिमासाहेबांवर संशय आला. त्यांना कराचीस नेऊन ठेवण्यात आले, आणि १८६९ साली तेथेच त्यांचा अंत झाला. परतीची वाट त्यांना कधीच मोकळी झाली नाही.

मंडपालगत अंबाबाईचे देऊळ. काळ्या पाषाणातील त्याच्या भिंतींवरील कोरीव काम पाहण्यात तासही अपुरा पडेल. पण येथील मोठे नवल दगडाचे नसून प्रकाशाचे आहे. देवीचे मुख पश्चिमेस आहे. नोव्हेंबराच्या दुसऱ्या आठवड्यात आणि पुन्हा जानेवारीअखेर व फेब्रुवारीच्या आरंभी मावळत्या सूर्याचे किरण महाद्वारातून आत येतात. एका दिवशी चरण, दुसऱ्या दिवशी मध्यभाग आणि तिसऱ्या दिवशी मुख, असे ते चढत जातात. यासच किरणोत्सव म्हणतात. अलीकडे पश्चिमेस उंच इमारती उठल्या. किरण अडखळू लागले, आणि त्यांच्या मार्गातील अडथळे मोजून ते काढण्याचा विचार नगरीस करावा लागला. जुन्या बांधणाराने सूर्याची वाट आखून दिली. ती मोकळी ठेवण्याचे काम मात्र प्रत्येक पिढीस नव्याने करावे लागते.

फेरीचा शेवट खासबागेत. विलायतेच्या प्रवासात युरोपातील जुने आखाडे पाहून आलेल्या शाहू छत्रपतींनी येथे कुस्तीचे मैदान बांधविले आणि १९१२ साली ते खुले झाले. मधल्या हौद्यापासून बैठक चढती ठेवल्यामुळे अगदी मागच्या माणसासही कुस्ती दिसते. लागूनच १९१५ साली पॅलेस थिएटर उभे राहिले. पुढे त्यास संगीतसूर्य केशवराव भोसले यांचे नाव मिळाले. ८ ऑगस्ट १९२४ नव्हे, तर अगदी कालपरवा, ८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री हे नाट्यगृह आगीच्या भक्ष्यस्थानी पडले. दुसरा दिवस केशवरावांच्या जयंतीचा होता. जळणाऱ्या छपराकडे पाहत रस्त्यावर उभ्या असलेल्या लोकांत नट होते, तसे ज्यांनी शेवटच्या रांगेतून नाटके पाहिली तेही होते. वास्तू पुन्हा उभारण्याचे काम हाती घेण्यात आले, त्यामागे हे दुःख होते.

येथे तीन तास संपतात. पाहुण्याची गाडी भरते, चपलांची आणि गुळाची खरेदी होते. नदीच्या पायरीपासून मैदानाच्या शेवटच्या बैठकीपर्यंत त्याने जे पाहिले, त्यात फार थोडे उंच किंवा भव्य होते. पण घरी गेल्यावर कोल्हापुरात काय पाहिले असे कोणी विचारले, तर राजवाड्याबरोबर त्याने चहाच्या त्या दुकानाचेही नाव घ्यावे. तेवढे त्याच्या तोंडून निघाले, म्हणजे वाटाड्याने आपले काम नीट केले असे समजावे.