पडद्यावरचे क्रिकेट आणि आपली नियत

आमच्या सावलीचे नाव इतिहासात येते ते खादीमुळे. १९३६ च्या फेब्रुवारी-मार्चमध्ये गांधी सेवा संघाचे अधिवेशन येथे भरले, तेव्हा गांधीजी येथे होते. त्याच वर्षी जुलैत मुश्ताक अली यांनी मँचेस्टरच्या मैदानावर ११२ धावा काढल्या. परदेशात कसोटी शतक काढणारे ते पहिले भारतीय. विजय मर्चंट यांच्याबरोबर त्यांनी सलामीला २०३ धावा जोडल्या.

हे सारे आमच्या बुजुर्गांना ऐकूनच माहीत. आमच्या जंगल भागात क्रिकेट डोळ्यांनी दिसले ते टुरिंग टॉकीजच्या तंबूत, सिनेमाआधीच्या समाचारचित्रात.

आपल्याकडे खेळाचे चित्रण जुनेच आहे. सावेदादा ऊर्फ हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर यांनी १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनवर कुस्ती चित्रित केली. स्वातंत्र्यानंतर, १९४८ साली, मुंबईत फिल्म्स डिव्हिजन सुरू झाली आणि तिची समाचारचित्रे गावोगाव पोचली. पण कुस्ती आटोपते लवकर. कसोटी चालते पाच दिवस. वार्ताचित्रकारांच्या हातातल्या किल्लीच्या कॅमेऱ्यात शंभर फूट फिल्म मावे. ती जेमतेम एक मिनिट चाले. किल्ली देताना, फिल्म बदलताना बळी गेला तर तो कायमचा हुकला. पाच दिवसांतले जे हाती लागे, त्यातलेही थोडेच पडद्यावर येई. बाकीचे लोकांच्या बोलण्यावर सोडलेले असे.

आणि लोक काय बोलतात? १९५९ साली अब्बास अली बेग यांनी पहिल्याच कसोटीत ११२ धावा केल्या. मैदान तेच मँचेस्टरचे, धावाही मुश्ताक अलींइतक्याच. पुढच्याच वर्षी पाकिस्तानचा संघ भारतात आला. त्या मालिकेत बेग यांची बॅट चालली नाही. लगेच कुजबुज सुरू झाली, शिवीगाळीची पत्रे आली. तीन कसोटींनंतर ते संघाबाहेर गेले आणि १९६६-६७ पर्यंत परतले नाहीत. त्याच मालिकेत इतर फलंदाजही बाद होत होते. त्यांच्या नियतीचा हिशेब मात्र कोणी मागितला नाही.

तेव्हा चित्रणच अपुरे होते, असे म्हणून आपण समाधान करून घेऊ शकलो असतो. पण २०२१ मध्ये दुबईत प्रत्येक चेंडू अनेक कॅमेऱ्यांनी टिपला, कोट्यवधींनी पाहिला. तरी पराभवानंतर मोहम्मद शमी यांना तेच ऐकावे लागले. फरक इतकाच की, या वेळी कर्णधार विराट कोहली त्यांच्या बाजूने जाहीरपणे उभे राहिले.

म्हणजे उणीव फिल्मची नव्हती. कॅमेऱ्याला बॅट दिसते, नियत दिसत नाही. पाहणाऱ्याच्या मनात आधीच जे असते, तेच तो पडद्यावर वाचतो.

म्हणून आपल्या घरातल्या बुजुर्गांना विचारून ठेवू या: तंबूत बसून त्यांनी काय पाहिले, कोणासाठी टाळ्या वाजवल्या. त्या टाळ्या कुठल्याही रिळावर नाहीत.