मंडपाचं थिएटर होतं तेव्हा

नळाला पाणी आलं नाही, गटार तुंबलं, की आपण नगरपालिकेत हक्कानं तक्रार करतो. शेजारी बेकायदा मजला चढू लागला की मात्र आपला आवाज खाली येतो. 'त्याची जागा, त्याचा पैसा, आपल्याला काय करायचंय?' असं घरातलंच कुणीतरी म्हणतं. शेजाऱ्याला अशा वेळी कोर्टात जाता येतं का? याचं एक ठसठशीत उत्तर १९७४ मध्ये उडुपीच्या एका खटल्यात मिळालं. श्रोतेहो, त्याचीच हकीकत आज सांगतो.

उडुपी आपल्याला कृष्णमंदिरामुळे ठाऊक, आणि खरं सांगायचं तर हॉटेलांमुळे जास्त. तिथल्या एका भागासाठी नगररचना योजना मंजूर झाली होती आणि तो भाग राहत्या घरांसाठी राखलेला होता. त्यातल्या एका जागेवर कल्याणमंडप आणि व्याख्यानाचं सभागृह बांधायला पालिकेनं परवानगी दिली. लग्नं आणि व्याख्यानं. त्याला कोण हरकत घेणार? पुढे मात्र तिथंच सिनेमाचं थिएटर करायला पालिकेनं ठराव करून मान्यता दिली. खेळ सुटल्यावरची गर्दी, सायकली, शिट्ट्या ज्यांच्या दारात येतात त्यांनाच हा फरक कळतो. तिथला एक रहिवासी कोर्टात गेला.

उच्च न्यायालयाचा निकाल मोठा चमत्कारिक होता. ठराव योजनेच्या विरुद्ध आहे, हे त्यांनी मान्य केलं. पण मालकाचा खर्च झालेला असणार, म्हणून आता त्याला हात लावायला नको, असं ठरवलं. म्हणजे चूक कबूल, पण भिंती उभ्या राहिल्या ना, मग राहू द्या! पालिकेच्या कचेरीचे उंबरठे मीही झिजवले आहेत. हे वाक्य तिथं किती वेळा ऐकलं, त्याची गणती नाही.

सर्वोच्च न्यायालयानं ते उलटवलं. सरन्यायाधीश अजितनाथ रे यांनी लिहिलेल्या निकालाचा आशय असा, की योजना रहिवाशांच्या हितासाठी असते आणि ती पाळणं हे पालिकेचं कर्तव्य आहे. बेकायदा थिएटरमुळे आपल्या घराचा उपभोग घेण्याच्या रहिवाशांच्या हक्काला बाध येतो, म्हणून त्यांना दाद मागता येते. आणि नसलेला अधिकार पालिकेनं वापरला, तर कुणी गप्प बसलं किंवा कुणाचा पैसा गुंतला म्हणून तो अधिकार निर्माण होत नाही.

पण निकाल एक आणि व्यवहार दुसरा. मुंबईत वरळीच्या कॅम्पा कोला आवारात १९८४ मध्येच काम थांबवण्याची नोटीस पालिकेनं दिली होती. नोटीस फायलीत राहिली, मजले चढत गेले, माणसं राहायला आली. २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं जादा मजल्यांना संरक्षण नाकारलं, तेव्हा समोर बिल्डर नव्हता, वर्षानुवर्षं संसार केलेली कुटुंबं होती. नोटिशीनंतर पालिकेनं हात बांधून बसण्याची किंमत त्यांनी मोजली, असं माझं मत आहे.

नोएडात रहिवासी वेळेवर जागे झाले. सेक्टर ९३-अ मधल्या वसाहतीत दोन नव्या मनोऱ्यांना तिथल्या प्राधिकरणानं मंजुरी दिली. एक मनोरा जुन्या इमारतीपासून अवघ्या नऊ मीटरवर; नियमानं अंतर सोळा हवं होतं. रहिवाशांनी मंजूर नकाशे मागितले. प्राधिकरणानं काय करावं? नकाशे दाखवू का, असं बिल्डरलाच विचारलं! बिल्डर नाही म्हणाला, नकाशे मिळाले नाहीत. रहिवाशांचा संघ अलाहाबाद उच्च न्यायालयात गेला आणि ११ एप्रिल २०१४ रोजी मनोरे पाडण्याचा आदेश झाला.

३१ ऑगस्ट २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयानं तो कायम केला. प्राधिकरणाचे अधिकारी आणि बिल्डर यांचं संगनमत होतं, असं निकालात स्पष्ट लिहिलं. त्यात उडुपीचा निकालही उद्धृत आहे. खरेदीदारांना बारा टक्के व्याजासह पैसे परत करावेत आणि रहिवासी संघाला दोन कोटी रुपये द्यावेत, असंही सांगितलं.

मनोरे तीन महिन्यांत पाडायचे होते. ते पडले २८ ऑगस्ट २०२२ ला, काही सेकंदांत. आजूबाजूचे रहिवासी त्या दिवशी सकाळीच घरं रिकामी करून बाहेर पडले होते.