गेम डिस्कच्या प्रतिमांची पडताळणी

गेम डिस्कच्या प्रतिमांची पडताळणी म्हणजे जुन्या गेम कन्सोलच्या सीडी किंवा डीव्हीडीवरून तयार केलेली डिजिटल प्रत मूळ डिस्कशी तंतोतंत जुळते की नाही, हे तपासण्याची प्रक्रिया होय. प्रत सुरू होते एवढ्यावरून ती अचूक ठरत नाही. बिघडलेला सेक्टर खेळाच्या अगदी शेवटच्या टप्प्यातही असू शकतो.

== पद्धत ==
प्रतिमेच्या फाइलवरून सीआरसी-३२, एमडी५ आणि शा-१ हे हॅश काढून ते आधी नोंदवलेल्या हॅशशी ताडून पाहतात. एक बिट बदलला तरी हॅश बदलतो. एमडी५ व शा-१ सुरक्षेच्या कामासाठी आता कमकुवत मानले जातात. मात्र ओरखड्यांमुळे झालेल्या चुका ओळखण्यास ते पुरेसे आहेत. रेडंप या स्वयंसेवी प्रकल्पात दोन वेगवेगळ्या डिस्कवरून घेतलेल्या प्रती जुळल्या, तरच नोंद पडताळलेली मानली जाते. हॅश न जुळणे हा नेहमीच दोष नसतो. ती त्याच खेळाची नोंद न झालेली आवृत्ती असू शकते.

== सीडीतील अडचणी ==
सीडीचा सेक्टर २३५२ बाइटांचा असतो. माहितीच्या सेक्टरमध्ये सामान्यतः २०४८ बाइट प्रत्यक्ष माहिती असते आणि उरलेल्या जागेत पत्ता व चूक-दुरुस्तीचे संकेत असतात. ध्वनीच्या सेक्टरमध्ये हा जादा स्तर नसतो. शिवाय निरनिराळे ड्राइव्ह ध्वनी काही नमुने पुढे-मागे सरकवून वाचतात. त्यामुळे एकाच निर्दोष डिस्कच्या दोन प्रतींचे हॅश वेगळे येतात आणि ड्राइव्हचा फरक आधी वजा करावा लागतो.

प्लेस्टेशनच्या काही युरोपीय आवृत्त्यांत लिबक्रिप्ट हे संरक्षण उपवाहिनीत दडवलेले असते. मुख्य माहितीचा हॅश जुळूनही असा खेळ मध्येच अडतो, म्हणून उपवाहिनी स्वतंत्रपणे जतन करतात. प्लेस्टेशन २ च्या डीव्हीडींबाबत हा व्याप बराच कमी आहे.

== भारतातील संदर्भ ==
भारतात तयार झालेले कन्सोल खेळ मोजकेच आहेत. हैदराबादच्या ऑरोना टेक्नॉलॉजीजचा 'हनुमान: बॉय वॉरियर' (२००९) आणि मुंबईच्या ट्राइन गेम्सचा 'स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स' हे प्लेस्टेशन २ वरील खेळ त्यांपैकी होत. जगभर विकल्या गेलेल्या खेळाची दुसरी डिस्क सहज मिळते. अशा स्थानिक खेळांची मिळणे कठीण, आणि पडताळणीला तर दुसरीच डिस्क लागते.

== कायदा ==
भारतीय कॉपीराइट अधिनियम, १९५७ च्या कलम ५२(१)(कक) नुसार संगणक प्रणालीची प्रत कायदेशीररीत्या बाळगणाऱ्यास हानीपासून तात्पुरते संरक्षण म्हणून राखीव प्रत करता येते. ती इतरांना वाटण्याची मुभा या तरतुदीत नाही. प्रत्यक्ष प्रतिमेऐवजी केवळ हॅशच्या याद्या प्रसिद्ध केल्यास खेळाची प्रत न वाटताही तुलना शक्य होते.