पेण-रोह्यात दूरदर्शन आले तेव्हा

2 ऑक्टोबर 1972 रोजी मुंबई दूरदर्शन केंद्र सुरू झाले, तेव्हा पेण आणि रोहा ही गावे कुलाबा जिल्ह्यात होती. जिल्ह्याचे नाव रायगड झाले ते 1981 साली. या गावांसाठी वेगळे केंद्र नव्हते. मुंबईसाठी सोडलेल्या लहरी जिथवर पोचल्या, तिथवर दूरदर्शन पोचले.

या लहरी जवळजवळ सरळ रेषेत जातात, त्यामुळे अंतराइतकाच मधला मुलूखही महत्त्वाचा ठरतो. केंद्राच्या वरळीतील सुमारे 300 मीटर उंच मनोऱ्यापासून पेण सरळ रेषेत 40 किलोमीटरच्या आसपास. मध्ये बराचसा भाग बंदराचा, खाडीचा, खारेपाटाचा. रोहा मात्र 70 किलोमीटरच्या घरात, कुंडलिकेच्या खोऱ्यात, डोंगरांच्या आड. तिथे अँटेना जितकी उंच तितके चित्र बरे. लोखंडी नळी किंवा बांबू कौलांच्या वर काढायचा, त्यावर ॲल्युमिनियमच्या कांड्यांची अँटेना मुंबईच्या दिशेला बांधायची, चपटी वायर खिडकीतून आत घ्यायची. मग एक जण वर अँटेना फिरवी आणि दुसरा खालून ओरडून सांगे. पडद्यावरच्या मुंग्या कमी झाल्या की नळी तारेने आवळायची.

संच कृष्णधवल, बहुधा लाकडी पेटीतला. त्याचा परवाना पोस्टात पैसे भरून काढावा लागे. ती पद्धत 1985 साली बंद झाली. आळीत एखाद्याच घरी टीव्ही असे, त्यामुळे शनिवारच्या मराठी आणि रविवारच्या हिंदी चित्रपटाला त्या घरात सगळी आळी जमे. थिएटरांतून कधीच उतरलेले जुने चित्रपट नव्या पिढीने पाहिले ते असे, शेजाऱ्याच्या ओटीवर बसून.

1975-76 च्या 'साइट' प्रयोगात सहा राज्यांतील सुमारे 2,400 खेड्यांना उपग्रहाद्वारे शेती-आरोग्याचे कार्यक्रम दाखवले गेले. महाराष्ट्र त्यात नव्हता. इथल्या शेतकऱ्यासाठी मुंबई केंद्राचा 'आमची माती, आमची माणसं' होता. पण तो पाहायला वीज आणि संच दोन्ही लागत, आणि ते आधी आले बाजारपेठेतल्या व्यापाऱ्यांकडे, नोकरदारांकडे. कातकरी वाड्यांची पाळी फार उशिरा आली. ही विषमता नोंदवल्याशिवाय या माध्यमाचा इथला इतिहास पुरा होत नाही.

1982 साली रंगीत प्रक्षेपण आले आणि 1984 नंतर देशभर लहान प्रक्षेपकांचे जाळे वाढले. 1987-88 मध्ये रविवारच्या सकाळी 'रामायण'ने शेजारघरांत पुन्हा तशीच गर्दी जमवली. नव्वदच्या दशकात केबल आली, 1999 मध्ये 'अल्फा मराठी' ही वाहिनी सुरू झाली, आणि कौलांवरच्या अँटेना एकेक करून उतरल्या.